क्योतोसाठी समैस्मात रंगीत तालीम

१ जुलै २०२२, शुक्रवार

उल्का जपानला चाललीय. आमटी वाढता वाढता सांगितलं, कोथिंबीर आणायला जावं तसं. सप्टेंबरअखेर, क्योतो, पायी सहल. शांत देवळं, जुन्या गल्ल्या, बागा. सगळं चालत. जपान सध्या ग्रुपनं येणाऱ्यांनाच व्हिसा देतंय, म्हणून दोह्यातल्या कुणी मिसेस हिरोसे ग्रुप घेऊन जातायत. साजिदाच्या ओळखीच्या. साजिदा म्हणजे आमच्या इब्राहीमची बायको, समोरच्या व्हिलात राहते, मूळची रत्नागिरीची. उल्काच्या डोक्यात जे जे काही येतं ते समोरच्या व्हिलातून येतं.

मी विचारलं, आणि मी? तर म्हणाली, यायचं असेल तर या. लग्नाला पंचवीस वर्षं झाल्यावर बायका आग्रह असाच करतात. आडून.

एक अट आहे. जागा पक्की होण्याआधी तालीम. २ सप्टेंबर, आमच्याजवळचं समैस्मा गाव, पहाटे समुद्राकाठानं चालायचं. न थांबता आणि न बोलता. ‘न बोलता’ हे उल्कानं ब्रोशरमध्ये पिवळ्या मार्करनं रंगवून ठेवलंय. बहुधा स्वतःला आठवण म्हणून.

मी इथं कतारात रास लफ्फानच्या गॅस प्लांटवर प्लॅनिंग इंजिनिअर आहे. अख्ख्या प्लांटचं शटडाऊन कागदावर बसवतो. थोडं चालणं ही काय ॲक्टिव्हिटी झाली? दोन महिने आहेत. रग्गड फ्लोट आहे. फ्लोट म्हणजे काम उशिरा करण्याची अधिकृत परवानगी. नव्या पोरांना मी हे असंच शिकवतो.

रात्री शेड्यूल केलं. रंगीत. उद्यापासून रोज पहाटे पाच.

२ जुलै

उठलो. सव्वासात. पहिल्या दिवशी बॉडीला शॉक देऊ नये.

बूट आणले. दुकानात तीन जोड घालून इकडून तिकडे चाललो. ते आजच्या चालण्यात धरलं.

५ जुलै

पाचला दार उघडलं. बाहेरची हवा चष्म्यावर येऊन बसली. काही दिसेना. काही दिसत नसताना चालणं हे सेफ्टी व्हायोलेशन आहे. साइटवर मी कुणालाही असं करू देत नाही, मग घरी का करू? दार लावलं. ‘वेदर डाउनटाइम’ अशी नोंद केली.

उल्का आणि साजिदा मात्र साडेचारलाच गेल्या होत्या. परत आल्या तेव्हा लाल झालेल्या आणि हसत होत्या. कशाला हसता विचारलं तर काही नाही म्हणाल्या.

८ जुलै

मॉलमध्ये वॉक. एसी. प्रोफेशनल वातावरण. पण कालपासून आत मास्क परत कम्पल्सरी. मास्क लावून चाललो तर ऑक्सिजन कमी, काढावा तर सिक्युरिटीवाला बघतो. खाताना मास्क काढायला परवानगी आहे, म्हणून फूड कोर्टात बसलो. नियमात राहूनच बसलो.

९ जुलै

ईद. समोरून बिर्याणीचं पातेलं आलं. वाटी नाही, पातेलं. इब्राहीम म्हणाला, भाऊ, सणाच्या दिवशी चालायचं नाय, बसायचं. इतका सेन्सिबल माणूस आमच्या डिपार्टमेंटला एक नाही.

१४ जुलै

चालणं पुढं बघू. आधी मौन. मौनाला बूट लागत नाहीत, हवा लागत नाही, कुणाच्या बापाचं काही लागत नाही.

संध्याकाळी चहानंतर जाहीर केलं की आता मी बोलणार नाही. मौन म्हणजे काय, त्याची परंपरा काय, मेंदूवर परिणाम काय, हे उल्का आणि गार्गीला नीट समजावलं. तेवढ्यात जेवायची वेळ झाली.

गार्गी बारावीत आहे. मराठी सगळं कळतं, उत्तर इंग्लिशमध्ये देते. आज इंग्लिशमध्ये म्हणाली की बाबा, मौन सुरू केव्हा होणार? मी म्हटलं, झालंय, हे इंट्रोडक्शन होतं.

२० जुलै

ब्रोशर म्हणतं चहाच्या समारंभात गुडघ्यांवर बसावं लागेल. चटई टाकून बसलो. बसणं उत्तम झालं. उठणं झालं नाही. गार्गीनं एका बाजूनं आणि सोफ्यानं दुसऱ्या बाजूनं मदत केली. गार्गीनं व्हिडिओ केलाय आणि तो पुण्याच्या ग्रुपवर गेलाय. उल्काच्या काकांचा, वसंतरावांचा, लगेच फोन. तब्येत कशी आहे वगैरे. शेवटी मुद्द्यावर आले: नोव्हेंबरात वर्ल्ड कपला चौघं येतोय, तुमच्याकडे किती गाद्या आहेत? स्टेडियम म्हणे तुमच्या अंगणातच आहे. वीस वर्षांत या माणसानं कतार कुठं आहे हेही विचारलं नव्हतं.

२८ जुलै

शेड्यूल मागे पडलंय. अर्थात कागदावर. रीबेसलाइन केलं. जे झालं नाही ते ऑगस्टमध्ये ढकललं, रंग बदलले, रिव्हिजन वन असं नाव दिलं. आता आपण बरोब्बर वेळेवर आहोत. मनाला फार बरं वाटलं. इतकं की आता चालल्यासारखंच वाटतंय.

उल्काला दाखवलं. ती म्हणाली छान रंग आहेत आणि बुटाच्या नाड्या बांधत बाहेर गेली.

३ ऑगस्ट

स्कोपच चुकत होता! मी प्रवासी म्हणून तयारी करत होतो. वास्तविक मला सहगाईड म्हणून तयारी करायला हवी. मिसेस हिरोसे बिचाऱ्या एकट्या इतकी माणसं कशी सांभाळणार? आठवडाभर ऑफिसात बसून क्योतो वाचून काढलं. कुठलं देऊळ कुणी बांधलं, कधी जळलं, परत कुणी बांधलं. जपानी लोक देवळं जाळण्यात आणि बांधण्यात सातत्य राखून आहेत.

पन्नासेक स्लाइड्स केल्या. मिसेस हिरोसेंना पाठवल्या. त्यांचं माहेर क्योतोच आहे असं उल्कानं नंतर सांगितलं. बरंच झालं, त्यांना रिव्हिजन होईल.

४ ऑगस्ट

त्यांचं उत्तर आलं. थँक यू व्हेरी मच, व्हेरी डिटेल्ड. शेवटी हात जोडल्याची इमोजी. माझा रोल पक्का दिसतोय.

१२ ऑगस्ट

ग्रुपची ऑनलाइन ब्रीफिंग. बाई मृदू आहेत. इतक्या हळू बोलतात की मला मध्येमध्ये मोठ्यानं समजावून सांगावं लागलं, बाकीच्यांना कळावं म्हणून. त्या म्हणाल्या की देवळाच्या ओसरीवर बसायचं, समोर रेती आणि दगड असतात, ते बघायचं, बाकी काही करायचं नाही. मी विचारलं, आउटपुट काय? हसल्या. पुढचे प्रश्न विचारत होतो तेव्हा आमच्याकडचा कॅमेरा बंद पडला, मग माइकही. वायफाय असेल. उल्का लॅपटॉपशेजारीच होती पण तिला काही करता आलं नाही.

नंतर तिनं भांडी जरा जोरात घासली. डिशवॉशर असताना.

१९ ऑगस्ट

आज प्रत्यक्ष चाललो! इब्राहीमबरोबर अल खोर कॉर्निशला. म्हणजे गाडी लावली, उतरलो, समुद्र पाहिला, फार दमट, परत बसलो. मग टपरीसमोर गाडी उभी केली, हॉर्न दिला, पोऱ्या दोन करक चहा घेऊन धावत आला. वीस वर्षं झाली, इथं चहाच्या किंवा बकाल्याच्या, म्हणजे किराण्याच्या, दुकानात मी पाय ठेवलेला नाही. हॉर्न द्यायचा, काच खाली, वस्तू आत, यल्ला, चला पुढं. हीच खरी सिव्हिलायझेशन. जपान्यांनी बुलेट ट्रेन केली पण हे त्यांना सुचलं नाही.

इब्राहीमला विचारलं, साजिदा इतकी चालते, तुला जावंसं नाही वाटत? म्हणाला, भाऊ, ती चालते तेवढा वेळ घर शांत, ते आपलं जपान. हसलो खूप. नंतर गाडीत वाटलं, उल्का बाहेर गेल्यावर मला घर शांत वाटत नाही. रिकामं वाटतं. टीव्ही लावावा लागतो. पण हे इब्राहीमला कुठं सांगणार.

२६ ऑगस्ट

रिव्हिजन थ्री. सगळ्या ॲक्टिव्हिटीज २ सप्टेंबरच्या आदल्या आठवड्यात कॉम्प्रेस केल्या. रोज दोन वेळा चालणं, दोन वेळा मौन.

ऑफिसात वर्ल्ड कपचं तेवढं एकच चाललंय. कुठले रस्ते बंद, कुणाच्या बस कुठून वळणार. मॅनेजरनं विचारलं की तुला सुट्टी खरंच हवीय का? मी ठासून म्हटलं, हो. जपान. पंचवीस वर्षं झाली लग्नाला. त्यानं सही केली. आता मागे फिरणं नाही.

३१ ऑगस्ट

चालणं नाही. रोड वर्क. आमच्या व्हिलापुढे नाही, पण मानसिक परिणाम होतोच.

१ सप्टेंबर

आजचा रेस्ट डे मुद्दाम. मॅचआधी खेळाडू खेळत नाहीत.

उल्का झोपायच्या आधी म्हणाली, उद्या फक्त चाला हां. बाकी काही करू नका. मला हे फार लागलं, चांगल्या अर्थी. तिला माझी काळजी आहे. तिला मी बरोबर हवा आहे. मी तिचा हात धरला आणि तिला सांगितलं की उद्या तू बघच. ती म्हणाली, तीच भीती वाटते.

२ सप्टेंबर, शुक्रवार, दुपार

तालीम यशस्वी.

सविस्तर लिहितो, पुढं उपयोगी पडेल.

इब्राहीमला सांगितलं होतं, आमच्या मागून माझी गाडी हळूहळू चालव, एसी चालू ठेवून. इमर्जन्सी व्हेइकल. कुठलीही साइट ॲक्टिव्हिटी याशिवाय सुरू होत नाही. मिसेस हिरोसेंनी गाडीकडे बघितलं, काही बोलल्या नाहीत. बोलायचं नव्हतंच.

समैस्माला अजून उजाडायचं होतं. समुद्र अगदी गप्प. पुढं बाई, मागे सगळे ओळीत, कुणाच्या पावलांचाही आवाज नाही. उल्का माझ्यापुढं. ती इतकी हलकी चालत होती की क्षणभर ओळखूच आली नाही. पाठीला पोक नाही, खांदे खाली. मी तिच्याकडे बघत चाललो होतो आणि काही बोललो नाही. हे कुणी नोंदवलं नसेल म्हणून इथं नोंदवतो. काठावरच्या पहिल्या व्हिलाची भिंत संपेपर्यंत मी काहीही बोललो नाही.

मग मला वाटलं की मागच्या लोकांना खारफुटीबद्दल माहिती नसणार. अगदी हळू आवाजात सांगितली. त्यावरून क्योतोच्या रेतीच्या बागांवर आलो. कुणी प्रश्न विचारले नाहीत, म्हणजे समजत होतं. उल्कानं मागे वळून एकदा बघितलं. तो लुक मी ओळखतो. उल्काच्या मोठ्या बहिणीच्या, सुचित्राताईंच्या, मुलाच्या मुंजीत मी भटजींना करेक्ट केलं होतं तेव्हाचा.

पुढं बूट चावायला लागला. बूट चुकीचा निघाला, माझी तयारी नाही. इब्राहीमला खूण केली आणि गाडीचे टायर चेक करायला जरा मागच्या सीटवर बसलो. कुणाच्या लक्षात आलं नाही. गाडी ग्रुपच्या पुढं काढली, म्हणजे वळणावर मी सगळ्यांना जॉइन होणार होतो. तिथं चहाची टपरी उघडी दिसली. शिस्तीत चाललेली इतकी माणसं, पहाटेपासून घशाला पाणी नाही. मला त्यांची दया आली. इब्राहीमच्या खांद्यावरून हात घातला आणि हॉर्न दिला.

सवयीनं दिला. म्हणजे लांब.

बाई नेमक्या त्याच वेळी हात वर करून सगळ्यांना थांबवत होत्या. पाण्यात बगळे होते. शेकड्यानं असावेत, नंतर साजिदा म्हणाली. मी मोजू शकलो नाही कारण ते उडाले. सगळेच. टपरीतला माणूस दचकून धावत आला. मी काच खाली करून सगळ्यांसाठी करक सांगितला, साखर कमी. आसपासच्या दोन व्हिलांतले दिवे लागले. एका व्हिलातून एक कतारी गृहस्थ झोपेतल्या कपड्यांत बाहेर आले आणि काय झालं म्हणून विचारायला लागले. मी त्यांनाही चहा विचारला.

चहा फार कुणी घेतला नाही. उल्का पाण्याकडे तोंड करून उभी राहिली. बगळे गेले होते तरी तिथंच बघत होती.

शेवटी मिसेस हिरोसे माझ्यापुढं येऊन कमरेतून वाकल्या. बराच वेळ वाकलेल्या होत्या. मी स्लाइड सतरामध्ये लिहिलंय, जितकं जास्त वाकतात तितका आदर जास्त.

परतताना गाडीत उल्का एक शब्द बोलली नाही. मौन तिला चांगलं जमतंय.

४ सप्टेंबर

मेल आली. बाईंनी फार सुंदर लिहिलंय. माझ्या उत्साहानं त्या भारावून गेल्या आहेत, परंतु या वेळचा मार्ग माझ्यासारख्या ऊर्जावान व्यक्तीला फार संथ वाटेल, आणि त्यांना फार वाईट वाटतंय. उल्काची जागा कन्फर्म. साजिदाचीही.

म्हणजे ओव्हरक्वालिफाइड. हे माझ्या करिअरमध्ये आधीही झालंय.

उल्का आता कॅन्सल करेलच. मी तिला म्हटलं, माझ्यासाठी जाऊ नकोस असं मी म्हणणार नाही. ती म्हणाली, बरं. मी म्हटलं, म्हणजे मी अजिबात म्हणणार नाही. ती म्हणाली, कळलं, आणि पिवळा रेनकोट घालून आरशात बघत होती.

११ सप्टेंबर

अजून कॅन्सल केलेलं नाही. संकोच असेल.

१५ सप्टेंबर

तिला समोर बसवून विचारलं, एकटी जायला बरं वाटेल का? तिनं हातातलं ब्रोशर मिटलं. मग म्हणाली, गिरीश, मला एकदा कुणी काही समजावून न सांगता काहीतरी बघायचंय. पंचवीस वर्षांत तिनं मला कधी नावानं हाक मारली नव्हती, अहो म्हणते. मी म्हटलं, कोण समजावतं तुला? यावर ती उठून गेली. मला खरंच माहीत नाही ती कुणाबद्दल बोलत होती. ऑफिसमधल्या कुणाबद्दल असेल.

२० सप्टेंबर

एअरपोर्टला सोडलं. दोघींच्या पाठीवर छोट्या सॅक. त्या आत जाईपर्यंत मी हात हलवत उभा होतो. तिनं मागे वळून पाहिलं नाही. सिक्युरिटीच्या लाइनमध्ये वळता येत नसेल.

मॅनेजरला सांगितलं की सुट्टी कॅन्सल. वर्ल्ड कपच्या वेळी देशाला माझी गरज आहे. तो म्हणाला, कुठली सुट्टी?

२३ सप्टेंबर

फोनवर उल्का. आवाज वेगळा. देवळाच्या ओसरीवर सकाळभर बसली होती म्हणे. मी विचारलं, काय केलं? काही नाही. कुणी काही बोललं? कुणीच नाही. बिचारी. इतक्या लांब जाऊन एकटी पडली. तिला सोबत म्हणून व्हॉइस नोट्स पाठवल्या, त्या त्या देवळाची माहिती, जिथं पोचली असेल त्या क्रमानं. अजून ऐकलेल्या नाहीत. तिकडे नेटवर्क वीक असणार.

२५ सप्टेंबर

तिचा मेसेज: दोन दिवस फोन बंद ठेवतेय, काळजी नको.

घरात मी आणि गार्गी. गार्गी हेडफोनमध्ये. इब्राहीम आला, त्याच्याही घरी कुणी नाही. दोघं टीव्ही लावून बसलो. त्याला म्हटलं, आता तुझं जपान झालं. तो म्हणाला, नाय रे भाऊ, कंटाळा आला. साजिदाशी भांडलो नाय चार दिस. मला हसू आलं नाही. मी म्हटलं, मला उल्काची आठवण येते. तोंडातून गेलं. तो म्हणाला, तिला सांग की मग. मी म्हटलं, फोन बंद आहे.

२९ सप्टेंबर

उल्का आली. काळवंडलीय, पण बरी दिसते. खूप बरी दिसते.

चहा मी केला. ठरवलं होतं की आज आपण काही बोलायचं नाही, नुसतं ऐकायचं. खरंच ठरवलं होतं. शेड्यूल वगैरे न करता.

ती हळूहळू बोलायला लागली. एक गल्ली होती, पाऊस पडत होता, एका म्हातारीनं दारातून छत्री दिली आणि परत कुठं करायची ते सांगितलंच नाही. दुसऱ्या दिवशी त्या दोघी घर शोधत राहिल्या, सापडलं नाही, छत्री कोपऱ्यावरच्या छोट्या देवळात ठेवून आल्या. सांगताना तिचे डोळे भरून आले. मग त्या ओसरीवरच्या बागेचं. मोठे दगड, पांढरी रेती. म्हणाली की बघता बघता किती वेळ गेला कळलं नाही, आणि मला तुमची आठवण आली, वाटलं, यांनाही इथं नुसतं बसवावं एकदा. इतकं ती माझ्याशी किती वर्षांत बोलली नव्हती. मी ऐकत होतो.

ती म्हणाली, चारशे वर्षांपूर्वीची बाग.

मी म्हटलं, पाचशे.

ती थांबली. मी म्हटलं, म्हणजे एक मत साडेपाचशेचंही आहे, स्लाइड बावीस बघ. ती हो म्हणाली. कप उचलून आत ठेवला. मग म्हणाली, साजिदा थांबलीय, आम्ही जरा चालून येतो.

वरच्या खिडकीतून दिसत होत्या दोघी. उल्का बोलत होती, दोन्ही हातांनी, दगड केवढे ते दाखवत. उरलेलं सगळं तिला सांगत असणार. मला हवं होतं ते.

जिना उतरून दारात आलो तोवर त्या कोपऱ्यापर्यंत गेल्या होत्या. हाक मारायला तोंड उघडलं. नाही मारली. थोडा वेळ उभा राहिलो, मग आत येऊन कप धुऊन ठेवला.